आवाज फुटतो तिथलं गाणं : स्विस योडलिंग आणि नाद्या रेस

दूरदेशी | 15 जानेवारी, रात्री 10.50

नमस्कार मंडळी,

भोगीच्या दिवशी, म्हणजे परवा 13 जानेवारीला, आम्ही उर्नेशला गेलो होतो. पूर्व स्वित्झर्लंडमधल्या आपेन्झेल भागातलं हे डोंगराळ गाव. इथे वर्षाचा शेवट दोनदा साजरा होतो. एकदा 31 डिसेंबरला, आणि पुन्हा 13 जानेवारीला जुन्या ज्युलियन पंचांगाप्रमाणे. मुखवटे घातलेल्या पुरुषांचे गट पहाटेपासून शेतघरांच्या दारोदार फिरतात. कुणाच्या डोक्यावर लाकडात कोरलेल्या देखाव्यांचा टोप, कुणी नखशिखान्त फांद्यापाल्यात मढलेला. अंगाखांद्यावर भल्यामोठ्या घंटा. चालताना त्या घंटांचा इतका गजर होतो की शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही.

एका घरापुढे ते गोल करून उभे राहिले आणि घंटा थांबल्या. बर्फात एकदम शांतता. मग एकाने मुखवट्याआडून एक स्वर लावला. खालचा, भरीव. तो उचलून वर फेकला आणि आवाज मधेच फुटला. दुसऱ्याने त्याला जोड दिली, बाकीच्यांनी खाली आधार धरला. शब्द एकही नाही. या गाण्याला तिथे ‘त्सॉयरली’ म्हणतात. खालच्या भरीव आणि वरच्या पातळ आवाजांत उड्या मारत गायचं, त्या योडलिंगचाच हा प्रकार. मग घरातल्या आजोबांनी एकेकाला वाइन दिली. मुखवटा काढायचा नसतो, म्हणून ती नळीने प्यायची. हस्तांदोलन झालं, आणि घंटा वाजवत गट पुढच्या घराकडे.

योडलिंग म्हटलं की माझ्या डोक्यात आजवर फक्त किशोरकुमार होता. मस्ती, उडतं मन, मोटारीच्या खिडकीतून बाहेर काढलेला हात. इथे ऐकलं ते संथ होतं, जड होतं, बरंचसं पहाटेच्या आलापासारखं. मी रडले. का ते नवऱ्याला सांगता आलं नाही.

घरी आल्यापासून नाद्या रेस या स्विस योडल गायिकेची ध्वनिमुद्रणं ऐकतेय. 1979 चा जन्म, आइनझीडल्न या मठाच्या गावचा. गळा शास्त्रीय गायनात तयार झालेला आणि गाणं मात्र डोंगरातलं. कधी नुसता आवाज, कधी मार्कुस फ्ल्युकिगर यांच्या श्वीत्सरओर्गेलीची साथ. हे वाद्य म्हणजे भात्याची, बटणांची लहानशी पेटी, आपल्या हार्मोनियमच्या नात्यातली. रेस यांनी फ्रान्झिस्का विगर यांच्याबरोबर 2010 मध्ये योडलच्या तंत्रावर पाठ्यपुस्तक लिहिलं. पिढ्यान्‌पिढ्या नुसती ऐकून उचललेली गोष्ट त्यांनी पायरीपायरीने मांडली. 2018 मध्ये लुझर्नच्या उच्च संगीत विद्यालयात योडल हा मुख्य विषय घेऊन शिकायची सोय झाली, तेव्हा शिकवायला त्याच होत्या.

इथल्या गाणाऱ्या मंडळींना विचारायचं आहे : तो आवाज फुटतो तेव्हा गळ्यात नेमकं काय होतं? आणि तो इतका आत का लागतो?

---

कासव | 15 जानेवारी, रात्री 11.20

वाचताना अंगावर काटा आला. नळीने वाइन पिणारे मुखवटे डोळ्यांपुढून हलत नाहीत. अजून लिहा.

---

तीव्र_म | 16 जानेवारी, सकाळी 7.15

दूरदेशीताई, तुमचा प्रश्न वाचून रियाज बाजूला ठेवला.

“आवाज चोरू नकोस” हे ऐकत मी मोठी झाले. तार षड्जाच्या पुढे जाताना गळा अडतो आणि विद्यार्थी पटकन पातळ आवाजात सरकतो. त्याला आपल्याकडे चोरटा आवाज म्हणतात, खोटा आवाजही म्हणतात. सगळी तालीम त्यासाठी असते की खालच्या भरीव आवाजातून वर जाताना मधला सांधा कुणाला कळू नये. पाश्चात्त्य ऑपेरातही तेच. सांधा बुजवायचा.

योडलमध्ये तोच सांधा गाण्याच्या मध्यभागी आणून ठेवलाय.

खालच्या सुरांत स्वरतंतू जाडसर आणि सैल असतात, पूर्ण जाडीनिशी एकमेकांवर आपटतात. तो छातीचा आवाज. वर जाताना ते ताणले जातात, पातळ होतात आणि फक्त त्यांच्या कडा थरथरतात. हा डोक्याचा आवाज. एका पद्धतीतून दुसरीत जाताना क्षणभर पकड सुटते, गाडीचा गिअर बदलताना सुटते तशी. आपण ती सुटलेली जागा झाकतो. योडल गाणारा तिथेच ठोका देतो. जर्मनमध्ये त्याला ‘केलकोप्फश्लाग’ म्हणतात, म्हणजे कंठाचा टोला.

अक्षरंही उगीच आलेली नाहीत. खाली ‘यो’, ‘हो’, ‘लो’, म्हणजे तोंड उघडणारे ओ आणि आ. वर ‘ऊ’ किंवा ‘ई’. ऊ म्हणताना आवाज आपसूक डोक्यात सरकतो. करून बघा, ‘हो’ वरून ‘ऊ’ वर एकदम उडी मारा. हळू सरकलात तर ती मींड होईल. आपण मींडेत दोन सुरांमधली वाट दाखवतो. योडलमध्ये वाट नाहीच, या काठावरून थेट त्या काठावर.

आत का लागतो, याचं माझं उत्तर : माणूस रडताना, घाबरून हाक मारताना, फार आनंदात ओरडताना आवाज असाच फुटतो. ते फुटणं आपण सगळे जन्मापासून ओळखतो.

---

जुनी_तबकडी | 16 जानेवारी, सकाळी 9.40

किशोरदांचा उल्लेख आलाय म्हणून लिहितो. त्यांचं योडलिंग थेट आल्प्समधून आलेलं नाही, ते अमेरिकेला वळसा घालून आलंय. थोरले बंधू अनूपकुमार यांच्याकडच्या तबकड्यांवर त्यांनी जिमी रॉजर्स आणि टेक्स मॉर्टन ऐकले. मॉर्टन मूळचा न्यूझीलंडचा, नाव झालं ऑस्ट्रेलियात. रॉजर्स मिसिसिपीचा, रेल्वेत ब्रेक्समन होता. 1927 मध्ये त्याचं पहिलं ध्वनिमुद्रण झालं, क्षय घेऊनच गात राहिला आणि 1933 मध्ये 35 व्या वर्षी गेला. काळ्या गायकांचा ब्लूज आणि योडल यांचा मेळ त्याने घातला, त्याच्या ‘ब्लू योडेल’ मालिकेचं नावच ते सांगतं. त्या योडलमध्ये आगगाडीच्या शिट्टीचं एकटेपण आहे.

म्हणजे आल्प्समधली गुराख्यांची हाक अमेरिकेत रेल्वेवाल्याच्या गळ्यात गेली आणि तिथून तबकडीवरून खांडव्याच्या पोराकडे. किशोरदांनी तिचं जे केलं ते त्यांचं स्वतःचं. त्यांना कुणी नकलाकार म्हटलं की मला फार लागतं. त्यांची उदास गाणी ऐका, योडल नसलेलीही. आवाज कधी मोकळा सोडायचा आणि कधी काठावर थांबवायचा, हे त्या माणसाला ठाऊक होतं.

---

स्पष्टवक्ता | 16 जानेवारी, दुपारी 1.05

लेख आवडला, पण मनातलं बोलतो. गुराख्यांचं गाणं विद्यापीठात गेलं, त्यावर पाठ्यपुस्तक निघालं, पदवी मिळायला लागली. आता युनेस्कोच्या वारसा यादीतही आलं म्हणे. आपल्याकडे लोककलांचं असं झालं की काय होतं ते मी जवळून पाहिलंय. माझे मामा गोंधळी होते. सरकारी महोत्सवात त्यांना बारा मिनिटं मिळायची. रात्रभराचा गोंधळ बारा मिनिटांत बसवताना त्यांनी एकेक कथा गाळली. शेवटी महोत्सवासाठीचं तेवढंच पाठ राहिलं. मामा गेले, बाकीचं त्यांच्याबरोबर गेलं.

योडलचं तसं होत नाहीये कशावरून?

---

दूरदेशी | 16 जानेवारी, रात्री 9.30

स्पष्टवक्ता, तुमच्या मामांबद्दल वाचून वाईट वाटलं. तुमची भीती खरी आहे आणि इथेही लोकांना ती वाटत आलीय.

स्विस योडल संघटना 1910 ची. तिच्यामुळे गावोगावी योडल मंडळं टिकली. आज तिच्यात सुमारे 780 गट आणि 12 हजारांवर गाणारे आहेत. दर 3 वर्षांनी राष्ट्रीय मेळा भरतो, 2023 मध्ये त्सूगला झाला. पण मेळ्यात परीक्षक बसतात. परीक्षक आले की नियम आले : स्वर कसा लागावा, गटाने जोड कशी द्यावी. त्यातून कडव्यांची, धृपदात योडल असलेली, चार आवाजांत गायची गाणी फोफावली. मुओताताल खोऱ्यातला ‘यूत्स’ नावाचा खडबडीत, बिनशब्दांचा प्रकार मात्र त्या मापात बसेना. त्यांचे काही सूर परीक्षकांच्या कानाला बेसूर वाटायचे. सूर बेसूर नव्हते, माप वेगळं होतं.

उलट टोकही झालं. 1990 च्या दशकात क्रिस्टीने लाउटरबुर्ग या गायिकेने योडलला इलेक्ट्रॉनिक नाचाच्या तालावर बसवलं. परंपरा मानणाऱ्यांना ते अजिबात रुचलं नाही. पण ज्यांनी कधी योडल ऐकलं नसतं अशी शहरातली तरुण मुलं त्यामुळे या गाण्याकडे वळली.

नाद्या रेस मला या दोन्हींच्या मधे उभ्या दिसतात. मधे म्हणजे तडजोड करून नव्हे. टोगेनबुर्गमध्ये ‘क्लांगवेल्ट’ म्हणजे नादाचं जग नावाची संस्था आहे, तिचं कलात्मक नेतृत्व त्यांनी काही वर्षं केलं. घंटा, हाक, आवाज यांवर तिथे काम चालतं आणि कुणीही जाऊन शिकू शकतं. मीही तिकडच्याच एका खोऱ्यात एका बाईंकडे 4 दिवस शिकले. तोवर मी योडल म्हणजे अवघड तान समजत होते. बाईंनी पहिल्या दिवशी एकही सूर दिला नाही. खिडकी उघडली, समोरचा उतार दाखवला आणि म्हणाल्या, तिथे तुझं माणूस उभं आहे, पाठमोरं आहे, त्याला बोलाव. मी ‘हो’ म्हटलं. त्या म्हणाल्या, हे त्याला ऐकू गेलं नाही. दुपारपर्यंत आम्ही नुसती हाक मारत होतो. चारच्या सुमारास माझा आवाज फुटला आणि मी घाबरून तोंडावर हात ठेवला. बाईंनी माझा हात धरून खाली घेतला. तेवढंच.

वर्ग चार भिंतींत होता, फीही घेतली होती. पण मला जे दिलं ते गुराख्याचंच होतं.

युनेस्कोचं म्हणाल तर नोंद 11 डिसेंबर 2025 ला झाली आणि ती बैठक दिल्लीत लाल किल्ल्यात होती! आदल्याच दिवशी तिथे आपल्या दिवाळीची नोंद झाली. इथल्या बातम्यांत लाल किल्ला आणि योडल एकत्र पाहून मला फार बरं वाटलं.

---

तीव्र_म | 16 जानेवारी, रात्री 11.10

मुओतातालचे ‘बेसूर’ सूर! यावर लिहिल्याशिवाय झोप येणार नाही.

आल्पहॉर्न हे लांबलचक लाकडी शिंग. त्याला भोकं नाहीत की पट्ट्या नाहीत. फुंकर कमीजास्त करून त्यातून फक्त निसर्गाचे स्वयंभू स्वर निघतात, तंबोऱ्याच्या खर्जात कान लावला की ऐकू येतात तसे. त्यातला 11 वा स्वर आपल्या शुद्ध मध्यमाच्या वर आणि तीव्र मध्यमाच्या खाली, जवळजवळ बरोब्बर मधे पडतो. पियानोवर तो नाहीच. तिथे त्याला ‘आल्पहॉर्न-फा’ म्हणतात, आणि मुओतातालचे लोक यूत्स गाताना हाच मध्यम लावतात.

माझं टोपणनाव ज्या सुरावरून आहे, त्याच्या अंगणातला हा सूर. आपल्याला श्रुतींची सवय आहे, एकेका रागात गंधाराची जागा बदलते म्हणून आपण भांडतो. तेव्हा त्या खोऱ्यातल्या माणसांना पेटीच्या मापाने बेसूर ठरवलं गेलं हे मला सहन होत नाही. आपल्याकडेही पेटीवरून हा वाद झालाय, आकाशवाणीने 1940 पासून कितीतरी वर्षं हार्मोनियमला बंदी केली होती.

---

मुलुखगिरी | 17 जानेवारी, सकाळी 8.00

परदेशी राहणाऱ्यांसाठी एक गोष्ट. ‘नॉस्टॅल्जिया’ हा शब्द स्विस लोकांच्या दुखण्यावरून तयार झालाय. 1688 मध्ये बाझलला योहानेस होफर या वैद्यकाच्या विद्यार्थ्याने आपल्या प्रबंधात घराच्या ओढीने माणसं आजारी पडतात ते मांडलं आणि ग्रीक शब्द जोडून हे नाव दिलं. त्या काळी स्विस तरुण परक्या राजांच्या फौजांत भाडोत्री शिपाई म्हणून जायचे. गाईंना गोठ्याकडे बोलावण्याचं गाणं परमुलखात कानावर पडलं की हे शिपाई रडायचे, पळून जायचे, खंगायचे, असं पुढे रूसोने आपल्या संगीतकोशात लिहून ठेवलंय. आपेन्झेलचं असं गाणं 1545 मध्ये छापलं गेलेलं आहे.

दूरदेशी, उर्नेशला तुम्ही का रडलात ते नवऱ्याला सांगता आलं नाही म्हणता. भोगीचा दिवस होता ना?

---

दूरदेशी | 17 जानेवारी, सकाळी 8.25

हो. आई त्या दिवशी बाजरीच्या भाकरीला तीळ लावते.

---

आनंदयात्रा | 17 जानेवारी, सकाळी 11.45

एक छोटी भर. हे फुटतं गाणं फक्त आल्प्सचं नाही. मध्य आफ्रिकेच्या जंगलातले आका लोक कितीतरी आवाजांत गुंफून असं गातात. जॉर्जियात गुरिया प्रांतात ‘क्रिमांचुली’ नावाचा सर्वांत वरचा आवाज असतो, तोही असाच उड्या मारतो. यांनी एकमेकांकडून शिकलं असायचं कारण नाही. माणसाचा गळा आणि लांबवर पोचायची गरज सगळीकडे सारखीच.

---

भातखाचर | 17 जानेवारी, दुपारी 2.30

मी इथे नेहमी वाचते, लिहीत नाही. आज राहवलं नाही.

माझं माहेर मुळशी खोऱ्यात, धरणाच्या पाण्याला लागून. लहानपणी गुरं रानात गेली की बाबा बांधावर उभे राहून कुकारा घालायचे. दोन्ही हात तोंडाशी, आधी जाड आवाजात ‘होऽऽ’ आणि शेवटी एकदम वर ‘कूऽऽ’. त्या दोहोंच्या मधे आवाज तुटायचा. मला वाटायचं बाबांचा घसा खराब आहे. पलीकडच्या वाडीतूनही तसाच कुकारा यायचा आणि बाबा म्हणायचे, पोचलं. प्रत्येकाचा कुकारा वेगळा असे, आई चुलीपाशी बसून सांगायची कोण ओरडलं ते.

तीव्र_मताईंनी लिहिलेलं ‘हो’ वरून ‘ऊ’ वाचलं आणि मी स्वयंपाकघरात उठून उभीच राहिले. हेच ते ना?

---

तीव्र_म | 17 जानेवारी, दुपारी 2.50

हेच ते! अगदी हेच. तुमच्या बाबांचा घसा खराब नव्हता हो, तो ठोका होता. बाबा आहेत ना? अजून घालतात का कुकारा? कृपा करून रेकॉर्ड करा.

---

स्पष्टवक्ता | 17 जानेवारी, दुपारी 3.10

भातखाचर, हे राहू देऊ नका. मी मामांच्या वेळी पुढच्या वर्षी, पुढच्या वर्षी म्हणत राहिलो.

---

कासव | 17 जानेवारी, संध्याकाळी 6.40

मी दिवसभर ‘हो-ऊ’ करून पाहतोय, आवाज फुटतच नाही. दोन्हीकडे एकच आवाज लागतो. काय चुकतंय?

---

दूरदेशी | 17 जानेवारी, रात्री 8.15

कासव, तुम्ही बहुधा हळू आवाजात करताय, शेजाऱ्यांना त्रास नको म्हणून. खालचा ‘हो’ भरपूर हवा देऊन, मोकळ्या छातीने म्हणा, आणि ‘ऊ’ ला जोर अजिबात लावू नका, तो नुसता सुटू द्या. हनुवटी वर करू नका. फ्लॅटमध्ये अवघड जातं, टेकडीवर जा. घसा खवखवायला लागला तर लगेच थांबा, दुखणं म्हणजे जोर चुकीच्या जागी जातोय.

आणि आधाराच्या सुरासाठी एक युक्ती. आपेन्झेलमध्ये मातीच्या झिलईदार वाडग्यात 5 फ्रँकचं नाणं फिरवतात. वाडगा हातात धरून गोल हलवायचा, नाणं कडेवर उभं राहून आतल्या भिंतीला धरून पळतं आणि एकसारखा गुंजत राहतो तो नाद. त्यावर गायचं. माझ्याकडे आईने दिलेला चिनी मातीचा सट आहे, त्यात नाणं सोडलं तर सूर बराच खाली लागतो, पण टिकतो.

---

भातखाचर | 18 जानेवारी, रात्री 9.05

आज रविवार, माहेरी जाऊन आले.

बाबा आधी तयारच होईनात. “आता कोणाला हाक मारू? गुरं विकून 9 वर्षं झाली.” मी ताईंची उर्नेशची गोष्ट सांगितली, डोंगरातली माणसं, घंटा, सगळं. त्यांनी विचारलं, तिकडे गाई कोणत्या? मला सांगता आलं नाही. मग चहा झाला, आणि स्वतःच उठून बांधावर गेले. टोपी काढून मला दिली.

पहिल्यांदा आवाज वर गेलाच नाही, खोकला आला. दुसऱ्यांदा गेला. बाबा 78 वर्षांचे आहेत. आवाज पाण्यावरून गेला, पलीकडच्या डोंगराला लागला आणि परत आला. बाबा टोपी घ्यायला वळले, तेवढ्यात पलीकडून उत्तर आलं. नुसता प्रतिध्वनी नव्हता, वेगळा होता, शेवटी दोनदा तुटलेला. बाबा बराच वेळ त्या बाजूला बघत राहिले. म्हणाले, हा तर खंडूचा कुकारा. खंडूकाका जाऊन बरीच वर्षं झाली. मग म्हणाले, पोरगा असंल त्याचा.

---

तीव्र_म | 18 जानेवारी, रात्री 9.20

ते उत्तर रेकॉर्डिंगमध्ये आलंय का?

---

भातखाचर | 18 जानेवारी, रात्री 9.32

आलंय. वारा फार आहे, हेडफोन लावून ऐका. 41 व्या सेकंदाला.